म्हैसूरचे नागेंद्र: जोडनावामागचा गायक

सी. रामचंद्र यांनी संगीत दिले ते या नावाने, पण गायले ते ‘चितळकर’ या नावाने. त्यामुळे त्यांच्या गायनाची वेगळी नोंद राहिली. म्हैसूरच्या नागेंद्र यांचे उलटे झाले. ‘राजन-नागेंद्र’ या जोडनावाने कन्नड चित्रपटसृष्टीत मोठे नाव मिळवले. त्यातला धाकटा भाऊ गायकही होता हे मात्र कर्नाटकाबाहेर फारसे कोणाला ठाऊक नाही.

राजन यांचा जन्म 1933 चा, नागेंद्र यांचा 1935 चा. वडील राजप्पा हार्मोनियम व बासरी वाजवत, तीही मूकपटांना. हे काम नीट समजून घ्या. पडद्यावर चित्र हलत असे आणि वादक समोर बसून, प्रसंग पाहून, त्याच क्षणी वाजवत असत. लढाई आली की लय वाढवायची, विरह आला की स्वर लांबवायचा. पार्श्वसंगीताची ही पहिली शाळाच म्हणा ना! 1931 मध्ये ‘आलम आरा’ आला आणि 1934 मध्ये पहिला कन्नड बोलपट ‘सती सुलोचना’ (तो चित्रित झाला आपल्या कोल्हापुरात). ध्वनी फिल्मवरच आला, तेव्हा चित्रपटगृहातल्या वादकाची गरज संपली. म्हणजे ज्या तंत्राने वडिलांचे हे काम संपवले, त्याच तंत्रावर पुढे मुलांनी आयुष्य उभारले.

राजन व्हायोलिन शिकले, नागेंद्र जलतरंग. 1951 च्या सुमारास दोघे मद्रासला गेले आणि एच. आर. पद्मनाभ शास्त्री यांच्या वाद्यवृंदात शिरले. ‘सती सुलोचना’च्या संगीतात याच शास्त्रींचा वाटा होता. लवकरच बी. विठ्ठलाचार्य यांच्या ‘सौभाग्यलक्ष्मी’ने दोघांना स्वतंत्र संगीतकार केले.

‘रत्नमंजरी’ (1962) मुद्दाम ऐका. त्यात नागेंद्र यांनी एस. जानकींबरोबर युगुलगीत गायले आहे. मग हा आवाज पुढे मागे का राहिला? माझ्या मते कारण त्या आवाजात नाही, धंद्याच्या रीतीत आहे. नायकाचा आवाज ठरलेला असे. राजकुमार म्हटले की पी. बी. श्रीनिवास. ‘गंधद गुडी’ (1973) आणि ‘एरडु कनसु’ (1974) या राजन-नागेंद्र यांच्याच चित्रपटांत राजकुमारांसाठी श्रीनिवास गायले. 1974 नंतर राजकुमार स्वतःच गाऊ लागले. ‘ना निन्न मरेयलारे’ (1976) मध्ये या जोडीच्या चाली त्यांच्याच तोंडी आहेत. दोन्ही काळांत गायक ठरत होता तो नायकाकडे पाहून. चाल बांधणाऱ्याला गळा असला, तरी तो बहुधा इतरांना गाणे शिकवण्यातच खर्ची पडायचा.

नागेंद्र 2000 मध्ये गेले, राजन 2020 मध्ये. जुन्या तबकड्यांवर गायकांची नावे स्वतंत्र ओळीत छापलेली असतात. हाती आली, तर ती ओळ आधी वाचा.