पाठीवर पडून जिंकणारा मल्ल

एखादा सिद्धान्त सिद्ध करण्यासाठी उदाहरण कोणी निवडले, हा प्रश्न इतिहासाच्या वाचकाने सतत विचारायला हवा. ब्राझीलच्या रॉयस ग्रेसीची (पोर्तुगीज उच्चार ‘होइस’) कारकीर्द त्या दृष्टीने उद्बोधक आहे.

१२ नोव्हेंबर १९९३ रोजी अमेरिकेत डेन्व्हर येथे ‘अल्टिमेट फायटिंग चॅम्पियनशिप’ची पहिली स्पर्धा झाली. विविध युद्धकलांचे आठ स्पर्धक होते. वजनगट नव्हते, गुण देणारे पंचही नव्हते. सुमारे ८० किलो वजनाच्या रॉयसने एकाच रात्री आर्ट जिमरसन, केन शॅमरॉक आणि जेरार्ड गोर्दो यांना हरवले. तिन्ही लढती मिळून वेळ लागला जेमतेम पाच मिनिटे.

या स्पर्धेच्या संस्थापकांपैकी एक होता रॉयसचा थोरला भाऊ रोरियन. घरात रिक्सनसारखा अधिक बलाढ्य मानला जाणारा भाऊ असतानाही निवड झाली ती सडपातळ रॉयसची. दुबळा मनुष्य तंत्राच्या बळावर बलवानाला नमवू शकतो, हे त्यांचे वडील एलियो यांनी घडवलेल्या जुजुत्सूचे प्रतिपादन होते. रॉयसचा देह हाच त्याचा पुरावा ठरणार होता.

मग हा सारा बनाव होता काय? तसे म्हणता येत नाही. डिसेंबर १९९४ मध्ये डॅन सेव्हर्न या कितीतरी वजनदार कुस्तीगिराने रॉयसला पंधरा मिनिटांहून अधिक काळ खाली दाबून धरले. कुस्तीच्या परिभाषेत तो चीत झाला होता. परंतु त्याच अवस्थेत त्याने पायांच्या कैचीत सेव्हर्नची मान आवळली आणि त्याला हार मानायला लावली. मांडणी घरची असली, तरी विजय खरा होता.

मात्र या विजयाला एक अदृश्य अट होती: वेळ. थकवून वाट पाहणे हा त्या तंत्राचा प्राण. एप्रिल १९९५ मध्ये कालमर्यादा आली. शॅमरॉकशी छत्तीस मिनिटे झुंजूनही लढत अनिर्णित राहिली आणि ग्रेसी बंधू त्या स्पर्धेतून बाहेर पडले.

१ मे २००० रोजी तोक्योत काझुशी साकुराबाविरुद्ध ग्रेसींनी आपल्या अटी मान्य करून घेतल्या: फेऱ्यांना मर्यादा नाही, पंचाने लढत थांबवायची नाही. म्हणजे हवा तेवढा वेळ मिळाला. नव्वद मिनिटांनंतर, लाथांनी पाय निकामी झालेल्या रॉयसच्या बाजूने टॉवेल पडला. १९५१ मध्ये रिओत मासाहिको किमुराविरुद्ध एलियोच्या बाजूनेही असाच टॉवेल पडला होता.

ग्रेसींची आख्यायिका डेन्व्हरच्या विजयावर उभी आहे. तिची खरी कसोटी तोक्योत लागली. स्वतः घातलेल्या अटींवर हरण्याची जोखीम जो पत्करतो, त्याचाच पुरावा पुरावा म्हणून ग्राह्य धरावा. पुढे प्रतिस्पर्धीही जुजुत्सू शिकले आणि घराण्याची विद्या सर्वांची झाली. रॉयसच्या वाट्याला त्यानंतर पराभव आले; त्याच्या तंत्राला मात्र सार्वत्रिक मान्यता मिळाली.