मूळ गावाचा खर्च : स्वित्झर्लंडमधील कराराची मुले

स्वित्झर्लंडमध्ये प्रत्येक नागरिकाच्या नावाला एक मूळ गाव जोडलेले असते. हे गाव त्याच्या जन्माचे किंवा वास्तव्याचे असेलच असे नाही. परंपरेने ते पित्याच्या कुळाकडून येते, आणि त्या गावाच्या नागरिकत्वातूनच कॅन्टनचे, म्हणजे संघराज्यातील घटक राज्याचे, व पुढे देशाचे नागरिकत्व सिद्ध होते. आज ही नोंद बहुतांशी कागदोपत्री उरली असली, तरी विसाव्या शतकातही अनेक कॅन्टनांत गरिबांना पोसण्याची जबाबदारी या मूळ गावावरच होती, आणि त्या देशाच्या दारिद्र्यधोरणातील बहुतेक क्रौर्याचे मूळ या एका तरतुदीत सापडते.

कामाच्या शोधात शहरात गेलेल्या मजुराला आजारपणाने किंवा बेकारीने गाठले, की वास्तव्याच्या ठिकाणाहून त्याची रवानगी मूळ गावी होऊ शकत असे. विवाहाबरोबर स्त्रीचे मूळ गाव बदलून पतीचे गाव तिला चिकटत असल्यामुळे, पतीच्या निधनानंतर जे गाव तिने कधी पाहिलेही नव्हते त्या गावच्या कारभाऱ्यांपुढे मुलांसह उभे राहण्याची पाळी विधवेवर येई. त्या कारभाऱ्यांच्या दृष्टीने हे कुटुंब म्हणजे गावच्या तिजोरीवर अचानक पडलेला बोजा असे. हा बोजा टाळण्याचे मार्गही गावांनी शोधून काढले होते. 1855 मध्ये आरगाऊ कॅन्टनमधील रोथरिस्ट या गावाने आपल्या सुमारे 300 गरीब रहिवाशांना गावच्या खर्चाने अमेरिकेला पाठवून दिले, कारण प्रवासाचे एकदाचे भाडे वर्षानुवर्षे पोसण्यापेक्षा स्वस्त पडत होते.

मुलांच्या बाबतीत हाच हिशेब अधिक उघडपणे मांडला गेला. अनाथ, अनौरस किंवा गरीब घरातील मुलांना कराराने शेतकऱ्यांकडे ठेवण्याची पद्धत जर्मनभाषक भागात रूढ होती आणि अशा मुलांना ‘फेर्डिंगकिंडर’, म्हणजे कराराने दिलेली मुले, म्हणत. एकोणिसाव्या शतकात काही गावांत त्यांचा उलटा लिलाव होई: मुलाला सांभाळण्यासाठी गावाकडून सर्वांत कमी रक्कम मागणाऱ्या शेतकऱ्याच्या हाती ते मूल सोपवले जाई. कमी पैसे घेणारा शेतकरी उरलेला मोबदला मुलाच्या श्रमांतून वसूल करणार, हे लिलाव पुकारणाऱ्यांना ठाऊक नव्हते असे मानणे कठीण आहे. बर्न कॅन्टनच्या एमेन्टाल खोऱ्यातील ल्युत्सेलफ्ल्यू येथील धर्मोपदेशक आल्बर्ट बिट्सियुस यांनी येरेमियास गॉटहेल्फ या टोपणनावाने 1837 मध्ये प्रसिद्ध केलेल्या पहिल्याच कादंबरीत अशा मुलाचे जिणे रंगवले होते. म्हणजे या प्रथेचे स्वरूप फार आधीपासून सर्वांच्या डोळ्यांसमोर होते.

लिलाव पुढे बंद झाले. करार मात्र चालू राहिले. 1912 मध्ये अमलात आलेल्या नागरी संहितेने धोक्यात असलेल्या किंवा दुर्लक्षित मुलाला आईवडिलांपासून काढून घेण्याचा अधिकार पालकत्व-अधिकाऱ्यांना दिला. या तरतुदीमागचा हेतू मुलाच्या रक्षणाचा होता आणि तो खोटा ठरवण्याचे कारण नाही. परंतु अनेक ठिकाणी हे अधिकारी म्हणजे प्रशिक्षण नसलेले, गावातूनच निवडलेले कारभारी असत आणि गरिबांवरील खर्चाचा भारही त्याच गावावर पडत असे, त्यामुळे मुलाचे हित व तिजोरीचे हित यांचा निवाडा एकाच हातांनी होत राहिला. परक्या घरी ठेवलेल्या मुलाची देखरेख तोंडदेखली असे. भल्या पहाटे गोठ्यात, मग शाळेत, नंतर पुन्हा शेतात असा अनेकांचा दिवस जाई. मारहाण, उपासमार आणि लैंगिक अत्याचार यांच्या साक्षी पुढे मोठ्या संख्येने नोंदल्या गेल्या. यंत्रांचा वापर तुटपुंजा असलेल्या डोंगरी शेतीला बिनमजुरीचे हात हवेच होते, आणि या गरजेनेच ती प्रथा इतकी दीर्घायुषी केली.

प्रौढांसाठी याला समांतर अशी प्रशासकीय स्थानबद्धतेची व्यवस्था होती. कोणताही गुन्हा सिद्ध न होता, बहुधा न्यायालयासमोर उभे न करताच, ‘आळशी’, ‘व्यसनी’ किंवा ‘स्वैर वर्तनाची’ ठरवलेली माणसे सक्तीच्या श्रमसंस्थांत आणि बर्नजवळील हिंडेलबांक येथील महिला तुरुंगातही डांबली जात. लग्नाआधी गर्भवती झालेल्या तरुणीही त्यातून सुटल्या नाहीत. पुढे नेमलेल्या स्वतंत्र तज्ज्ञ आयोगाने विसाव्या शतकातील अशा व्यक्तींची संख्या किमान 60,000 असल्याचा अंदाज 2019 मध्ये मांडला. स्वतः संस्थांत वाढलेले लेखक कार्ल आल्बर्ट लूसली यांनी 1920च्या दशकापासून या दोन्ही व्यवस्थांवर निर्भीडपणे लिहिले, आणि 1944 मध्ये छायाचित्रकार पाउल झेन यांनी ल्युत्सर्नजवळील झोनेनबेर्ग या मुलांच्या संस्थेची चित्रे प्रसिद्ध केल्यावर देशभर खळबळही उडाली. तरीही कायदे हलले नाहीत.

ते हलले ते अन्य कारणांनी. 1948 पासून वार्धक्य व वारस विमा लागू झाला, 1960 मध्ये अपंगत्व विमा आला, आणि विधवेचे किंवा अपंग कामगाराचे कुटुंब गावाच्या मर्जीवर राहण्याचे मुख्य कारण दूर होऊ लागले. त्याच काळात ट्रॅक्टर व दूध काढण्याची यंत्रे शेतांवर पोहोचली. 1971 मध्ये स्त्रियांना संघीय मताधिकार मिळाला, 1974 मध्ये देशाने युरोपीय मानवी हक्क करार मान्य केला आणि न्यायालयाविना डांबून ठेवणे त्यात बसत नसल्यामुळे 1981 मध्ये प्रशासकीय स्थानबद्धता रद्द झाली. सदसद्विवेकापेक्षा खर्चाचा भार आणि बाहेरचा दबाव येथे अधिक प्रभावी ठरला, ही गोष्ट सुधारणेच्या इतिहासात दडवून ठेवण्याजोगी नाही. गरिबीमुळे मूळ गावी धाडण्याचा अधिकार 1975 च्या घटनादुरुस्तीने संपवला आणि साहाय्याची जबाबदारी वास्तव्याच्या ठिकाणाकडे गेली.

11 एप्रिल 2013 रोजी न्यायमंत्री सिमोनेटा सोमारुगा यांनी बर्नमध्ये पीडितांची शासनाच्या वतीने माफी मागितली. त्यानंतर उद्योजक गीडो फ्लूरी यांच्या पुढाकाराने जनमताची मागणी नोंदवली गेली, आणि तिच्या दबावाखाली संसदेने 2016 मध्ये केलेला कायदा पुढील वर्षी अमलात येऊन प्रत्येक हयात पीडिताला 25,000 फ्रँक देण्याचे ठरले. अर्जासाठी 2018 पर्यंतची मुदत होती; लहानपणापासून सरकारी कचेरीची धास्ती घेतलेल्या अनेकांना त्या मुदतीत पुढे येणे जमले नाही, म्हणून ही अट 2020 मध्ये काढून टाकावी लागली. पीडितांपैकी पुष्कळजण म्हातारपणी तुटपुंज्या निवृत्तिवेतनाला जोडून मिळणाऱ्या पूरक साहाय्यावर जगत होते. हे साहाय्य ठरवताना भरपाईची रक्कम त्यांची मालमत्ता म्हणून धरली गेल्याने काहींच्या मासिक साहाय्यात कपात झाली, आणि ती थांबवण्यासाठीही संसदेला कायद्यात दुरुस्ती करावी लागली.