लेखणीतून दिग्दर्शनाकडे : सई परांजपे

मराठीभाषक स्त्रियांनी चित्रपट-दिग्दर्शनात आरंभी ठेवलेली पावले बहुतांशी अभिनयाच्या वाटेने पडली. दुर्गा खोटे यांनी १९३७ साली ‘साथी’, शोभना समर्थ यांनी १९५० साली कन्या नूतनला पडद्यावर आणणारा ‘हमारी बेटी’ आणि लीला चिटणीस यांनी १९५५ साली ‘आज की बात’ दिग्दर्शित केला, तेव्हा तिघींच्याही पाठीशी नायिका म्हणून कमावलेले नाव होते. सई परांजपे (जन्म १९३८) मात्र लेखणी घेऊन या क्षेत्रात आल्या, आणि त्यांच्या कारकिर्दीचे ऐतिहासिक वेगळेपण मुख्यतः यात आहे.

‘कुंकू’ या चित्रपटात भूमिका करणाऱ्या व संततिनियमनाच्या प्रसारासाठी झटणाऱ्या शकुंतला परांजपे यांच्या या कन्येचे ‘मुलांचा मेवा’ हे पुस्तक त्या आठ वर्षांच्या असताना प्रसिद्ध झाले. पुढे पुणे आकाशवाणीवरील निवेदन, बालरंगभूमी, दिल्लीच्या राष्ट्रीय नाट्य विद्यालयातील शिक्षण आणि दूरदर्शनवरील नोकरी अशा क्रमाने त्यांचा हात तयार होत गेला. यांतील नभोवाणीचा संस्कार सर्वांत खोल असावा, कारण नभोवाणीत माणूस उभा राहतो तो केवळ आवाजातून, आणि ‘स्पर्श’ (१९८०) या चित्रपटाची पटकथा, म्हणजे कथेची दृश्यांत केलेली मांडणी, नेमकी त्याच तत्त्वावर रचलेली आहे. अंधशाळेचे दृष्टिहीन मुख्याध्यापक डॉक्टरांकडे जाताना गाण्याच्या सुरामागे चुकीच्या दारी पोचतात आणि पुढे एका मेजवानीत त्या गायिकेला आवाजावरून ओळखतात. नायिकेशी प्रेक्षकांची ओळखही अशी आधी कानांनी होते. या पटकथेला मिळालेला राष्ट्रीय पुरस्कार यथार्थच होता.

त्यांच्या ‘चष्मेबद्दूर’ या चित्रपटाची लोकप्रियता सर्वज्ञात आहे. त्यानंतरच्या ‘कथा’ने (१९८३) शं. गो. साठे यांच्या ‘ससा आणि कासव’ या मराठी नाटकातील चाळकरी मध्यमवर्ग हिंदी पडद्यावर नेला. तथापि ग्रामीण महाराष्ट्राच्या दृष्टीने ‘दिशा’ (१९९०) हा चित्रपट अधिक मोलाचा ठरतो. पाण्यावाचून गाव सोडून मुंबईच्या गिरणीत गेलेले आणि गाळ्यात, म्हणजे अनेक कामगारांनी मिळून राहण्याच्या खोलीत, दाटीवाटीने दिवस काढणारे तरुण एकीकडे, तर लोकांनी वेड्यात काढले तरी वर्षानुवर्षे विहीर खणत राहणारा परशुराम दुसरीकडे, अशी त्याची रचना असून अखेरीस त्याच विहिरीला पाणी लागते.