सीमा आपल्यावरून गेली

१ नोव्हेंबर १९५६ रोजी बीदर जिल्ह्याचे तीन तुकडे झाले. उदगीर, निलंगा आणि अहमदपूर हे तालुके मुंबई राज्यात, उस्मानाबाद जिल्ह्यात गेले. जहीराबाद आणि नारायणखेडचा भाग आंध्र प्रदेशाकडे गेला. भालकी, हुमनाबाद, औराद, बसवकल्याण हा पट्टा खुद्द बीदरसह म्हैसूर राज्यात आला, आणि शेजारच्या गुलबर्ग्याचा आळंद तालुकाही. त्या दिवशी इथला कोणी घर सोडून कुठे गेला नव्हता. शेत तेच, विहीर तीच. भालकीची लेक उदगीरला दिलेली असेल, तर ती मात्र एका रात्रीत परराज्यात नांदू लागली.

माणसाने सीमा ओलांडली नाही, सीमाच त्याच्यावरून गेली. या अर्थाची एक घोषणा अमेरिकेतल्या मेक्सिकन वंशाच्या लोकांत फार प्रसिद्ध आहे. त्यांची गोष्ट आपल्याहून एका शतकाने जुनी. १८४८ साली युद्ध हरलेल्या मेक्सिकोने ग्वादालुपे इदाल्गोच्या तहाने कॅलिफोर्नियापासून न्यू मेक्सिकोपर्यंतचा प्रचंड मुलूख अमेरिकेला दिला, आणि तिथे पूर्वापार राहणारी माणसे जागच्या जागी परकी झाली. पुढे १९६०नंतरच्या दशकात त्यांच्या नातवंडा-पणतवंडांनी 'चिकानो' हा हेटाळणीचा शब्द उचलून अभिमानाने स्वतःला लावला आणि भिंती रंगवायला घेतल्या. सॅन दिएगो शहरात कोरोनाडो पुलासाठी त्यांच्या वस्तीतली घरे पाडली होती. पुलाखालची जागा बागेसाठी मिळेल अशी लोकांची समजूत, तर तिथे पोलिसांचे ठाणे उभे राहू लागले. २२ एप्रिल १९७० रोजी बायकामुलांसह लोक जाऊन त्या जागेवर बसले. पुढे त्या पुलाच्या सिमेंटच्या खांबांवर त्यांनी ग्वादालुपेची माता, अझ्टेक देवदेवता, शेतमजुरांचे पुढारी असे सगळे रंगवले. २०१६ साली अमेरिकन सरकारनेच ती बाग राष्ट्रीय ऐतिहासिक स्थळ म्हणून जाहीर केली.

वाचकहो, हे सांगण्याचे कारण एवढेच, की त्या लोकांपाशी दाखवायला वास्तू थोड्या होत्या, म्हणून त्यांना आपला वारसा पुलाच्या खांबांवर नव्याने काढावा लागला. आपल्याकडे तो आयता उभा आहे, आणि आपण त्याच्याकडे पाठ करून बसलो आहोत.

बीदरपासून थोड्याच अंतरावर अष्टूर आहे. तिथे बहामनी सुलतानांचे घुमट ओळीने उभे आहेत. त्यातला अहमदशाह वलीचा घुमट आतून पाहावा. गुलबर्ग्याहून राजधानी बीदरला आणणारा तो हाच सुलतान. तो १४३६ साली वारला. आत शेंदरी, निळ्या आणि सोनेरी रंगांत वेलबुट्टी आणि अक्षरलेखन असे भरले आहे, की डोळे अंधाराला सरावले म्हणजे भिंत दिसेनाशी होते आणि गालिचाच दिसू लागतो. पण मला त्या रंगांपेक्षा तिथली वहिवाट मोठी वाटते. या सुलतानाचा उरूस हिजरी महिन्याने ठरत नाही. होळीपासून दिवस मोजून ठरतो. त्याचा मान कलबुर्गी जिल्ह्यातल्या माड्याळच्या जंगमाकडे. लिंगायत भाविक या सुलतानाला अल्लमप्रभूचे रूप मानतात, मुसलमान त्याला वली म्हणतात. जंगम दरवेशाच्या वेशात येतो, आणि यात काही विचित्र आहे असे तिथे जमलेल्या कोणालाच वाटत नाही. आपली मराठी मंडळी मात्र बीदरला पाहुणे आले की किल्ला आणि गुरुद्वारा दाखवतात आणि अष्टूर 'त्यांचे' म्हणून सोडून देतात.

दुसरी गोष्ट बिदरीची. लग्नात बिदरीची डबी भेट देणाऱ्यांपैकी ती कशी बनते हे फार थोड्यांना ठाऊक असते. भरपूर जस्त आणि त्यात थोडे तांबे वितळवून मातीच्या साच्यात वस्तू ओततात. ती घासून गुळगुळीत करायची, मोरचुदाच्या पाण्याने तात्पुरती काळी करायची, म्हणजे कोरलेली रेघ उठून दिसते. मग कोरलेल्या खाचेत चांदीची तार ठोकून बसवायची, ती तारकशी. चांदीचा पत्रा बसवला तर तहनिशान. शेवटी बीदरच्या किल्ल्यातली जुनी माती आणि नवसागर पाण्यात उकळून त्यात वस्तू फिरवली, की धातू कायमचा काळाभोर होतो आणि चांदी जशीच्या तशी पांढरी राहते. कोणती माती चालेल हे कारागीर ती जिभेवर ठेवून ठरवतो. (औषधाची परीक्षा आधी स्वतःवर करावी हे हानेमानने सांगितले, म्हणून मला या कारागिरांविषयी जरा जास्तच आपलेपणा आहे.) या कलेचा घाट इराणी वळणाचा, हत्यारांची नावे दखनी, आणि ती करणाऱ्यांत मुसलमान आणि हिंदू दोन्ही. २०२३ साली बीदरचे शाह रशीद अहमद कादरी यांना तिच्यासाठी पद्मश्री मिळाली. ही कला कानडी की मराठी, या प्रश्नाला काही अर्थ आहे का?

मी जैन, म्हणून मळखेडचे नाव घेतल्यावाचून राहवत नाही. आज कलबुर्गी जिल्ह्यातले एक खेडे. एकेकाळी राष्ट्रकूटांची राजधानी मान्यखेट. अमोघवर्षाच्या काळी इथे जिनसेनाचार्य संस्कृतात लिहीत होते. त्याच दरबारात कन्नडचा आद्य उपलब्ध ग्रंथ 'कविराजमार्ग' झाला, आणि त्याने कन्नड देशाची सीमा कावेरीपासून गोदावरीपर्यंत सांगितली. (तो नकाशा घेऊन कोणी कोर्टात गेला, तर नांदेड-पैठणकरांची पंचाईत व्हायची!) शंभर वर्षांनी, ९६५ साली, याच गावी पुष्पदंताने अपभ्रंशातले 'महापुराण' पुरे केले. मराठी शब्दांच्या मुळाशी जाणाऱ्यांना अपभ्रंशाच्या वाटेनेच जावे लागते. म्हणजे कन्नडचा पहिला ग्रंथ आणि मराठीच्या मातुल घराण्यातले महाकाव्य, दोन्ही एका गावचे, आणि दोन्हींमागे जैन लेखक-आश्रयदात्यांचा हात.

दवाखान्यात मला हे रोज दिसते. आमच्या शास्त्रात रोग्याची तक्रार त्याच्याच शब्दांत उतरवून घ्यावी लागते. आळंदकडचा रोगी कन्नडमध्ये सुरुवात करतो, मध्येच दखनीत शिरतो, आणि ठणका, कळ की चमक हे मात्र मराठीत सांगतो. त्याची मातृभाषा कोणती, असे जनगणनेवाल्याने विचारले तर तो एकच नाव सांगणार, कारण रकाना एकच असतो.

बेळगाव, कारवार, बीदर आणि गुलबर्गा इथल्या ८६५ गावांचा दावा महाराष्ट्राने मांडला आहे. २००४ पासून तो सर्वोच्च न्यायालयात आहे. त्यात आमच्या दोन जिल्ह्यांचे नाव नेहमी शेवटी येते, याचे थोडे वाईटही वाटते. मराठी शाळा टिकली पाहिजे, सरकारी कागद मराठीतही मिळाला पाहिजे, ही मागणी रास्त आहे आणि ती सोडू नये. पण निकाल कसाही लागो, अष्टूर, मळखेड आणि किल्ल्यातली ती माती जागची हलणार नाही. मराठी मुलाला हे सगळे आपले म्हणून मराठीत सांगणारे एकही चांगले पुस्तक त्याच्या शाळेच्या कपाटात नसेल, तर ती उणीव न्यायालय भरून काढू शकत नाही.

म्हणून एक विनंती. भालकी, औराद, आळंद भागातल्या जुन्या घरांत अजून बाडे निघतात: निजामी अमलातल्या उर्दू सनदा, मोडीतले सावकारी हिशेब, कन्नड वह्या, क्वचित एखादी जैन पोथी. घर पाडताना ती रद्दीत जातात. ती भाषेप्रमाणे वेगळी करू नका. ज्या रुमालात सापडली त्याच रुमालात राहू द्या, वर गावाचे आणि घराचे नाव लिहा, आणि पावसाळ्याआधी कोरड्या जागी हलवा.