निर्मात्याची संहिता : रामदास फुटाणे यांचे चित्रपट

‘सामना’ (१९७५) या चित्रपटाची चर्चा आपल्याकडे दोन नावांभोवती फिरते : पटकथाकार विजय तेंडुलकर आणि दिग्दर्शक जब्बार पटेल. निर्माते रामदास फुटाणे श्रेयनामावलीतच राहतात. निर्माता म्हणजे भांडवल, आणि भांडवलाला दृष्टी नसते, असे गृहीतक त्यामागे असावे. फुटाणे यांच्या बाबतीत ते टिकत नाही. मराठवाड्याच्या सीमेवरील जामखेडचा हा कवी. सहकारी साखर कारखान्याच्या आश्रयाने वाढलेली ग्रामीण सत्ता त्याला परकी नव्हती. त्या सत्तेवर चित्रपट काढायचा, त्यासाठी नाट्यक्षेत्रातून तेंडुलकरांची लेखणी घ्यायची आणि ज्याने तोवर एकही चित्रपट केला नव्हता अशा पटेलांवर तो सोपवायचा, ही निवड संहितेच्या आधीची संहिताच होय. हिंदुराव धोंडे-पाटील, मद्यपी मास्तर आणि नाहीसा झालेला मारुती कांबळे हे त्रिकूट तेंडुलकरांचे खरे. पण ते उभे राहण्याची जागा निर्मात्याने आखली होती. हा चित्रपट त्याच वर्षी बर्लिनच्या महोत्सवात गेला.

‘सर्वसाक्षी’त (१९७८) फुटाणे स्वतःच दिग्दर्शक झाले. विवेकवादी शिक्षक, त्याची पत्नी, गावातला भगत आणि नरबळीची छाया असा हा विषय. तो कोणत्या काळात आला हे पाहिले पाहिजे. १९७२ ते १९७४ या काळात मानवतच्या हत्याकांडाने परभणी जिल्हा हादरला होता. परभणीच्या पश्चिमेला मानवत, पूर्वेला पूर्णा मार्गावर पिंगळी. या पट्ट्यातील प्रेक्षकाला नरबळी ही लोककथेतील गोष्ट वाटणे शक्यच नव्हते. पुढे अमोल पालेकरांनी तेंडुलकरांच्याच पटकथेवरून ‘आक्रीत’ (१९८१) काढला. त्याचा आधार थेट मानवत प्रकरण होता.

या दोन चित्रपटांत ‘आक्रीत’ अधिक कठोर आहे, कारण तेथे अंधश्रद्धा सत्तेपासून आणि वासनेपासून वेगळी काढता येत नाही. ‘सर्वसाक्षी’त ती अज्ञानाच्या अंगाने येते, त्यामुळे शिक्षकाची बाजू आधीच ठरून जाते. ‘सामना’त मास्तर स्वतःच मोडलेला होता आणि त्याचा प्रश्न म्हणूनच बोचतो. निर्माता व दिग्दर्शक एकच झाल्यावर त्याच्याशी भांडणारे दुसरे कोणी उरले नाही, असे मला वाटते.

चित्रपट त्यांनी मोजकेच केले. वात्रटिका मात्र महाराष्ट्रभर पोहोचली. तिला कच्ची फिल्म लागत नाही, वितरक लागत नाही, चित्रगृहाची तारीख लागत नाही; एक माईक आणि समोर गाव पुरते. धोंडे-पाटलांची सत्ता तेथेही लक्ष्यच राहिली, आणि पुष्कळदा त्याच सत्तेने घातलेल्या मांडवात.