घोडा गाडीत बसला

घोड्याने गाडी ओढायची, हे आपण लहानपणापासून पाहत आलो. पण घोडाच गाडीत बसला आणि दुसऱ्या घोड्यांनी ती ओढली, असे कुणी सांगितले तर? थट्टाच वाटेल. परंतु इंग्लंडात १८३६ साली नेमके हेच घडले.

त्या काळी शर्यतीचा घोडा मैदानावर जाई तो आपल्या पायांनी. मोतद्दाराने लगाम धरायचा आणि मजल दरमजल करीत निघायचे. लांबच्या मैदानाला पंधरवडा सहज लागे. खडबडीत रस्ता, रोज नवी पागा, रोज परके पाणी. घोड्याचा निम्मा जोम वाटेतच जिरून जाई.

लॉर्ड जॉर्ज बेंटिंक हे त्या वेळचे नामांकित शर्यतबाज. त्यांचा एलिस हा तीन वर्षांचा घोडा दक्षिणेस गुडवुडच्या पागेत होता आणि डाँकास्टरची सेंट लेजर शर्यत अगदी तोंडावर आलेली. मध्ये अंतर सुमारे २५० मैल! घोडा अजून पागेतच आहे, हे कळल्यावर पैजवाल्यांनी त्याची आशा सोडली. बेंटिंकना तरी दुसरे काय हवे होते? त्यांनी गुपचूप एक मोठी बंद गाडी बांधवून घेतली होती. टप्प्याटप्प्याला ओढणारे घोडे बदलत एलिस तीन दिवसांत डाँकास्टरला पोचला आणि शर्यत जिंकला.

ही गोष्ट चतुराईची म्हणून सांगतात. पण जरा त्या गाडीच्या आत डोकावून पाहा. भिंतींना आतून गाद्या ठोकलेल्या, म्हणजे धक्क्याने गुडघा फुटू नये. सोबतीला ओळखीचा दुसरा घोडा. वाटेत लिचफील्डच्या मैदानावर मुक्काम आणि पाय मोकळे करायला एक दौड. बेंटिंकना काळजी पैशाची होती, हे खरे. पण त्या पैशापायी का होईना, घोड्याला काय हवे ते त्यांना ओळखावे लागले.

घोडा बुजतो तो हट्टाने नव्हे, बरं का. रानात वाघ-लांडग्यांपुढे पळून जगलेले हे जनावर. अंधारी, अरुंद जागा म्हणजे पळायची वाट बंद, एवढेच त्याला कळते. म्हणून शिंगरू असतानाच, प्रवासाच्या कितीतरी दिवस आधी, उभ्या गाडीत त्याला चढवून-उतरवून दाखवावे; आत उजेड असावा, फळी घसरती नसावी. प्रवासात मान फार आखडून बांधू नये. मान खाली करता आली नाही, तर श्वासनलिकेतली घाण बाहेर पडत नाही आणि छातीचा ताप जडतो. गाडीवानानेही वळण हळू घ्यावे आणि ब्रेक सावकाश लावावा. आतला जीव चार पायांवर तोल सावरीत उभा असतो.

आपल्याकडे पुण्याच्या पावसाळी शर्यती आणि मुंबईचा हिवाळी हंगाम यांपायी घोड्यांची घाटातून ने-आण होत आली आहे. अशी गाडी दिसली, तर तिच्यामागे भोंगा वाजवू नका. आत कदाचित पहिल्यांदाच निघालेले एखादे कोवळे जनावर असेल. चाबकाने घोडा एकदा गाडीत चढेल. दुसऱ्यांदा चढायला त्याला पहिल्या प्रवासाची आठवण बरी असावी लागते.