पागनीस, विष्णुपंत

(१८९२–१९४३). भजनगायक, रंगभूमीवरील नट आणि संतपटांतील गायक-अभिनेते. जन्म चिकोडी (बेळगाव जिल्हा) येथे. कोवळ्या वयातच ते कोल्हापूरच्या स्वदेश हितचिंतक नाटक मंडळीत गेले आणि स्त्रीभूमिकांमुळे नावारूपाला आले. पुढे भजनगायक म्हणून त्यांची ख्याती झाली. चित्रपटाला खरा उपयोग झाला तो त्यांच्या या भजनाचा.

पुण्याच्या प्रभात फिल्म कंपनीचा ‘संत तुकाराम’ १९३६ साली आला. दिग्दर्शक विष्णुपंत दामले व शेख फत्तेलाल, पटकथा शिवराम वाशीकर, संगीत केशवराव भोळे. स्त्रीभूमिकांची ढब अंगात मुरलेला नट तुकोबा कसा उभा करणार, असा आक्षेप प्रभातमध्येच निघाला होता. दामले-फत्तेलाल यांनी तो मानला नाही, हे मराठी चित्रपटाचे भाग्यच.

चित्रपट सुरू होतो तोच गाण्याने. तुकोबा मांडी घालून, डोळे मिटून अभंगात रमलेले दिसतात. आणि लगेच तोच अभंग तोतया कवी सालोमालो (भूमिका : भागवत) आपला म्हणून देवळात गातो, तोही नाटकी थाटाने, हरकती घेत. पागनीसांच्या गाण्यात असा थाट औषधालाही नाही. शब्द स्वच्छ, लय संथ. ते अभंग सादर करत नाहीत, बोलता बोलता सहज अभंगात शिरतात. खोटा कवी आणि खरा कवी यांतला फरक प्रेक्षकाला संवादांआधी गळ्यातूनच कळतो. शांताराम आठवले यांनी या चित्रपटासाठी लिहिलेले एक गीत अनेकांनी तुकोबांचाच अभंग समजून स्वीकारले, यालाही आठवल्यांच्या लेखणीइतकेच पागनीसांचे हे गाणे कारण आहे. समोर तुकोबांची बायको आवली (भूमिका : गौरी) आहे, संसाराच्या काळजीने कातावलेली, विठोबाला धारेवर धरणारी. तिच्या खणखणीत बोलण्यामुळे पागनीसांचा शांतपणा गुळमट होत नाही.

कथा घडते तो मुलूख वारकऱ्यांचा. भजन इथे रोजच्या कानावरचे. या वारकरी श्रोत्यांना पागनीसांचा तुकोबा परका वाटला नाही.

मुंबईत हा चित्रपट एका वर्षाहून अधिक काळ चालला आणि १९३७ च्या व्हेनिस महोत्सवात त्याचा गौरव झाला. लोक पागनीसांच्या पाया पडत. तुकोबांची म्हणून त्यांचीच छबी घरोघरी पूजेत गेली.

त्यानंतर त्यांच्याकडे संतांच्याच भूमिका येत राहिल्या : रणजित कंपनीचा ‘संत तुलसीदास’ (१९३९), विजय भट्ट यांचा ‘नरसी भगत’ (१९४०). दोन्हींत गाणे तयारीचे आहे, पण ‘संत तुकाराम’मधले घर, गाव आणि आवली तिथे नाहीत, आणि ती उणीव भजनाने भरून निघत नाही.